माया

चाळीस फूट लांब, साडेसात रुंद.
सहा रंग, साटीन, रविवार पेठेतून.
जांभळा तागा संपला होता म्हणून वांगी घेतला,
कुणाच्या लक्षात आलं नाही.

माप सांगायला केतकी आली होती, सोबत सौमित्र.
दुकान म्हणजे जिन्याखालची जागा,
पाटी: फॉल-पिको करून मिळेल.
दोघं स्टुलांच्या काठावर बसले,
दवाखान्यात बसतात तसे.
"ताई, कडेला किती सोडता?"
म्हटलं, दीड बोट.
"त्याला काय म्हणतात?"
माया.
सौमित्रने ते मोबाइलमध्ये लिहून घेतलं.

शिवणीच्या आत दडवलेलं जास्तीचं कापड.
अंग भरलं की उसवायचं, सैल करायचं.
शेवंता गुरू सांगायच्या,
कापड कमी पडलं तर बाही आखूड कर,
मायेला कात्री लावू नको.
गोळ्या सुरू झाल्या त्या वर्षी
माझ्याच ब्लाउजांच्या शिवणी मी रात्री-रात्री उसवल्या,
पाव इंच, मग अर्धा.
त्याचा कुणी मोर्चा काढला नाही.

मोर्चात आम्ही पुढे.
नेहमीच पुढे: नऊवारी, गजरे, झेंड्याची पहिली काठी.
"ताई, एक टाळी होऊ दे," कॅमेरावाला म्हणाला.
हीच टाळी सिग्नलला वाजवली की
गाडीची काच वर जाते.
जंगली महाराज रस्त्यावर तिच्यासाठी गाड्या थांबल्या.
वाजवली.
हात तेच.

त्यांचं कलम पडलं त्या रात्री
आम्ही पहाटेपर्यंत नाचलो, अगदी मनापासून.
आमच्यावर कायदा आला तेव्हा
कलेक्टर कचेरीसमोर
आम्ही पाच जणी, विहंग आणि एक हवालदार.
विहंगचं तर आणखीच वेगळं.
आमच्यात त्याला टाळी येत नाही,
त्यांच्यात दाढी फुटेपर्यंत
तो केतकीची मैत्रीण म्हणून खपला.

पण हेही सांगायला हवं.
शेवंता गुरू ससूनला होत्या.
पुरुषांचा वॉर्ड म्हणे बायकांकडे न्या,
बायकांचा म्हणे तिकडे.
स्ट्रेचर दोन दिवस व्हरांड्यात.
तेव्हा हाच सौमित्र बँकेतून सुटून, टायसकट,
मुगाची खिचडी घेऊन यायचा.
भरवताना चमचा थरथरायचा त्याचा.
एकदा तूप विसरला म्हणून
परत कोथरूडला जाऊन आला.
त्यामुळे राग पुरता येत नाही.
येतो, मधेच खिचडीचा वास येतो.

संध्याकाळी पार्टी कोरेगाव पार्कात.
पासवर नाव हवं, नावाला आधार हवं,
माझ्या आधारवर अजून
माझ्या भावासारखा दिसणारा कुणीतरी आहे.
दारावरच्या पोराने कार्डाकडे पाहिलं,
माझ्याकडे पाहिलं,
पुन्हा कार्डाकडे.
आत गाणं चालू होतं, ढोलकीचं, पळवलेलं.
केतकी बाहेर आली. "थांबा, मी बोलते यांच्याशी."
बोलत राहिली.
हातातला पेला कुठे ठेवावा तिला कळेना.
म्हटलं, राहू दे गं.
झेंडा कुठाय?

रिक्षात तो मांडीवर घेतला,
चाळीस फूट, घडी घालून उशीएवढा.
घरी दिव्याखाली उलगडला.
काठीजवळ वांगी पट्टी फाटलेली, आमच्या बाजूची.
पुढे चालणाऱ्यावर ओढ जास्त बसते.
शिवण उसवली.
दीड बोट होतं आत,
पुरलं.

शिलाईचे अकराशे बाकी आहेत.
रात्री सौमित्रचा मेसेज आला:
"ताई, पुढच्या वर्षी पन्नास फूट करू या?"
लिहिलं, करू, पैसे आधी.
रंगही मी सांगेन.
आणि पहिली काठी केतकीला द्या,
तिचे खांदे चांगले आहेत.
मी आणि विहंग मधे चालणार,
कापडाखाली,
सावली असते तिथे.